सुटणारी नॉनलिनिअर समीकरणं: वही, पेन आणि एका लॅपटॉपवर केडीव्ही

बहुतेक नॉनलिनिअर विकलक समीकरणं सूत्रात सुटत नाहीत. उत्तर असतं, संगणक ते आकड्यांत काढूनही देतो, पण कागदावर सूत्र म्हणून उतरत नाही. मोजकी काही समीकरणं मात्र पूर्ण सुटतात. ती का सुटतात, याचा अभ्यास म्हणजे इंटिग्रेबल सिस्टिम्स. नाशिकमध्ये केटीएचएम, आरवायके किंवा जिल्ह्यातल्या दुसऱ्या कुठल्या कॉलेजात टी.वाय.ला ओडीई-पीडीई झाली असेल आणि प्रोजेक्टला हा विषय घ्यायचा असेल, तर पहिली अडचण पुस्तकांची येते. बरीच पुस्तकं दुसऱ्या-तिसऱ्या प्रकरणातच ली अल्जिब्रा आणि सिम्प्लेक्टिक भूमिती काढून बसतात. सुरुवातीला त्यातलं काहीही लागत नाही. केडीव्ही (कोर्टवेग-डी व्रीस, उथळ पाण्यातल्या लाटांचं) हे एकच समीकरण घ्या, ते वेगवेगळ्या मार्गांनी सोडवा, आणि एका मार्गाचं उत्तर दुसऱ्याशी ताडून बघा. विषय कळतो तो या ताडण्यातून.

तयारी किती लागते ते एका प्रश्नात तपासता येतं: सेच (म्हणजे १/कॉश) या फलनाचं दुसरं विकलन सेच − २ सेच^३ येतं, हे पुस्तक न उघडता दाखवता येतं का? येत असेल तर पुढे चला. नसेल तर आधी हायपरबोलिक फलनं आणि खंडशः संकलन पक्कं करा, कारण पुढची प्रत्येक पायरी त्यावर उभी आहे. लॅपटॉप साधा चालतो. पायथन आणि नमपाय एवढं पुरे. हिरोताच्या पायरीसाठी (पुढे येणारा एक मार्ग) मात्र फुलस्केप आडवा धरून लिहा. वहीच्या अरुंद ओळीत पदं तुटतात आणि चिन्हं हरवतात.

आधी चिन्हं ठरवा

उ हे लाटेची उंची दाखवणारं फलन, क्ष म्हणजे स्थान, ट म्हणजे वेळ. उ_ट म्हणजे वेळेनुसार अंशतः विकलन, उ_क्षक्षक्ष म्हणजे स्थानानुसार तीनदा. आपलं समीकरण असं:

उ_ट + ६ उ उ_क्ष + उ_क्षक्षक्ष = ०

हे समीकरण निरनिराळ्या ठिकाणी निरनिराळ्या रूपांत छापलेलं सापडतं. कुठे ६ च्या जागी १ असतो, कुठे −६. प्रोजेक्टमधल्या निम्म्या चुका इथेच जन्मतात: सूत्र एका पुस्तकातून, प्रोग्राम दुसऱ्या संकेतावरून. ६ च्या जागी १ असेल तर उत्तर सहापट होतं. −६ असेल तर लाट उलटी, खड्ड्यासारखी दिसते. वहीच्या पहिल्या पानावर आपला संकेत लिहा आणि बाहेरून घेतलेलं प्रत्येक सूत्र आधी त्यात बदलून घ्या.

हात मोकळा करायला बर्गर्स

उ_ट + उ उ_क्ष = न उ_क्षक्ष, इथे न हा धन स्थिरांक. यात उ = −२न फ_क्ष / फ एवढं घाला. होफ (१९५०) आणि कोल (१९५१) यांच्या नावाने ओळखलं जाणारं हे रूपांतर समीकरणाला फ_ट = न फ_क्षक्ष बनवतं, म्हणजे तुम्ही आधीच सोडवलेलं उष्णतेचं समीकरण. थेट घालून पदं जुळवायला गेलात तर गुंता होतो. आधी उ = प_क्ष धरून एकदा संकलन करा, मग प = −२न लॉग फ घाला; अर्ध्या पानात होतं. बर्गर्सवर यापेक्षा जास्त वेळ घालवू नका. नॉनलिनिअर समीकरणाच्या पोटात लिनिअर समीकरण लपलेलं असू शकतं, एवढं पाहिलं की काम झालं. केडीव्हीत ते इतकं वर सापडत नाही.

एकटी लाट

आकार न बदलता ग वेगाने पुढे जाणारी लाट शोधू. स = क्ष − ग ट धरून उ हे फक्त स चं फलन माना. समीकरण −ग उ′ + ६ उ उ′ + उ‴ = ० होतं. एकदा संकलन केलं की −ग उ + ३ उ^२ + उ″ = ०. आता उ′ ने गुणून पुन्हा संकलन केलं की

(उ′)^२ = उ^२ (ग − २उ)

दोन्ही वेळा स्थिरांक शून्य घेतला, कारण लाट दूरवर मावळते. हे कारण लिहिल्याशिवाय पुढे जाऊ नका. स्थिरांक शून्य नसतील तर उत्तर एलिप्टिक फलनांत येतं आणि लाटांची रांग मिळते. कंसावरून दिसतं की उंची ग/२ च्या वर जाऊ शकत नाही आणि ग धनच हवा. ग = क^२ धरलं तर

उ = (क^२/२) सेच^२( (क क्ष − क^३ ट)/२ )

म्हणजे उंची क^२/२, वेग क^२. उंच लाट वेगवान आणि अरुंद, बुटकी लाट संथ आणि रुंद. या उत्तराला दोनाने गुणलं तर ते उत्तर राहत नाही, हे एकदा हाताने तपासा.

अशी लाट जॉन स्कॉट रसेल यांनी ऑगस्ट १८३४ मध्ये एडिनबराजवळच्या युनियन कालव्यावर पाहिली. घोड्यांनी ओढलेली बोट अचानक थांबली, तिच्यापुढचं पाणी उसळून एकसंध लाट म्हणून निघालं, आणि रसेल घोड्यावरून तिच्या मागे मैल-दोन मैल गेले. कोर्टवेग आणि डी व्रीस यांचं समीकरण त्यानंतर बऱ्याच काळाने, १८९५ मध्ये आलं.

मोजमापाचा अंदाज यावा म्हणून गंगापूर धरणातून निघणाऱ्या कालव्यासारखा एक सरळ तुकडा कागदावर घ्या: छेद काटकोनी, खोली १.५ मीटर, पाणी स्थिर. उथळ पाण्यातला मूळ वेग म्हणजे ९.८ × १.५ चं वर्गमूळ, ३.८३ मीटर प्रति सेकंद. लाटेची उंची १५ सेंटिमीटर धरली तर वेग (१ + उंची / दुप्पट खोली) पट वाढतो, म्हणजे ४.०३ मीटर प्रति सेकंद, ताशी साडेचौदा किलोमीटरच्या आसपास. अर्ध्या उंचीवर तिची रुंदी सुमारे ९.६५ मीटर भरते. उंची खोलीच्या एक दशांश आहे म्हणून केडीव्ही इथे चालतं. उंची खोलीच्या निम्मी झाली की या आकड्यांवर विसंबू नका. हे सगळं कागदावरच करा, खऱ्या कालव्यात प्रयोग करायला जाऊ नका.

आणि गोदावरीच्या पुराला सॉलिटॉन, म्हणजे अशी आकार टिकवणारी एकटी लाट, म्हणण्याचा मोह टाळा. पावसाळ्यात पाणी दुतोंड्या मारुतीच्या कुठपर्यंत चढलं हे सगळं नाशिक बघतं, पण ती लाट किलोमीटरच्या किलोमीटर लांब असते. एवढ्या लांबीवर उ_क्षक्षक्ष हे पद नगण्य होतं आणि तळाचं घर्षण सगळं ठरवतं. तिथे समीकरणच वेगळं लागतं.

संगणकावर टक्कर

इथे वेळ द्या. सुरुवातीची लाट उ = ६ सेच^२(क्ष + ८) घ्या. ती एकटी लाट नाही, कारण ६ उंचीची एकटी लाट यापेक्षा अरुंद असते. मग तिचं काय होईल, ते आधी वहीत अंदाजाने लिहा आणि नंतर चालवा.

क्ष −२० पासून २० पर्यंत, २५६ बिंदू, दोन बिंदूंत ०.१५६२५ अंतर. टोकं एकमेकांना जोडलेली मानायची असल्याने २० हा बिंदू यादीत घ्यायचा नाही, तो आणि −२० एकच. नमपायचं लिनस्पेस वापरताना शेवटचा बिंदू वगळायचा पर्याय विसरला की अंतर किंचित चुकतं, वेगही किंचित चुकतो आणि चूक दिवसभर सापडत नाही. दुसरी नेहमीची चूक वेव्हनंबरची: एफएफटीफ्रेक आवर्तनं देतं, त्यांना २ पाय ने गुणायला हवं.

फूरिए रूपात तिसरं विकलन म्हणजे वेव्हनंबरच्या घनाने गुणणं. याच घनामुळे साधी पद्धत कोसळते. झाबुस्की आणि क्रुस्कल यांनी १९६५ मध्ये वापरलेली फायनाइट डिफरन्स पद्धत घेतली तर वेळेची पायरी अंतराच्या घनाच्या ०.३८५ पटीहून लहान ठेवावी लागते. अंतर ०.१ असेल तर पायरी ०.०००३८. अंतर निम्मं केलं की पायरी आठपट लहान. हे न पाळल्यास काही पायऱ्यांतच पडदाभर करवतीचे दात दिसतात आणि मग सगळीकडे नॅन (आकड्याच्या जागी ‘आकडा नाही’). म्हणून लिनिअर भाग इंटिग्रेटिंग फॅक्टरने अचूक सोडवा, ओडीईत शिकलात तसाच, आणि उरलेल्या −३ (उ^२)_क्ष या भागावर चौथ्या क्रमाची रुंगे-कुट्टा लावा. ०.०००२ ची पायरी आणि ५००० फेऱ्या, म्हणजे ट = १ पर्यंत.

शेवटी दोन लाटा दिसायला हव्यात: एक ८ उंचीची, क्ष = ८.२७ च्या आसपास; दुसरी २ उंचीची, क्ष = −४.५५ च्या आसपास. सुरुवातीच्या उंचीपेक्षा मोठी लाट निघाली म्हणून प्रोग्राम चुकला असं समजू नका. उलट जाळीवरचा कमाल आकडा ८ च्या जागी ७.८ किंवा ७.९ दिसेल, तीही चूक नाही, लाटेचा माथा दोन बिंदूंच्या मध्ये पडलाय. माथ्याजवळच्या तीन बिंदूंतून पॅराबोला काढा, उंची आणि जागा दोन्ही सुधारतात.

आठवीच्या बीजगणिताने भाकीत

८ आणि २ हे आकडे संगणकाशिवायही काढता येतात. केडीव्हीत ∫उ, ∫उ^२ आणि ∫(२उ^३ − उ_क्ष^२) ही तिन्ही संकलनं वेळेनुसार बदलत नाहीत. पहिली दोन एकेका ओळीत सिद्ध होतात, तिसऱ्याला अर्धं पान लागतं. यापुढेही अशा राशी आहेत, त्यांची यादी संपतच नाही. समीकरण सुटण्यामागचं बळ इथे आहे: लाटेवर इतकी बंधनं आहेत की तिला बिघडायला जागाच उरत नाही.

क या आकड्याच्या एकट्या लाटेसाठी या तीन राशी २क, (२/३)क^३ आणि (२/५)क^५ येतात. ६ सेच^२ साठी त्या १२, ४८ आणि ४२२.४ आहेत. दोन लाटा निघतील असं धरा: क१ + क२ = ६ आणि क१^३ + क२^३ = ७२. घनाच्या बेरजेच्या सूत्राने क१ क२ = ८, म्हणजे ४ आणि २. उंची ८ आणि २, वेग १६ आणि ४. आता न वापरलेली तिसरी राशी तपासा: (२/५)(१०२४ + ३२) = ४२२.४. जुळलं.

हेच ४ सेच^२ वर करा आणि ते कुठे मोडतं ते बघा. पहिल्या दोन राशींवरून क ३.१५५ आणि ०.८४५ येतात, पण तिसरी राशी १२५.२ यायला लागते, प्रत्यक्षात ती ११९.४७ आहे. कारण इथे दोन लाटांखेरीज डावीकडे पळणारी तरंगांची शेपटीही निघते आणि राशींचा काही वाटा तिच्याकडे जातो. खरे क ३.१२३ आणि १.१२३. त्यांच्या ∫उ ची बेरीज ८.४९ भरते, एकूण मात्र ८ च आहे. म्हणजे शेपटीच्या वाट्याला −०.४९. हे उदाहरण चालवताना क्षची लांबी दुप्पट आणि बिंदूही दुप्पट करा, नाहीतर शेपटी डाव्या टोकातून बाहेर पडून उजवीकडून आत येते आणि लाटांत मिसळते.

प्रोग्राम तपासताना एक लक्षात ठेवा. फूरिए पद्धतीत ∫उ आपोआप कायम राहतं, प्रोग्राममध्ये गुणक चुकलेला असला तरी. त्यामुळे ते कायम राहिल्याचा आलेख अहवालात लावण्यात अर्थ नाही. तिसरी राशी लावा, बिघाड तिच्यात आधी दिसतो.

हिरोता

र्योगो हिरोता यांनी १९७१ मध्ये दिलेला मार्ग नवख्याला सर्वांत जास्त काही हाती देतो. उ = २ (लॉग फ)_क्षक्ष घाला. एकदा संकलन केल्यावर हे मिळतं:

फ फ_क्षट − फ_क्ष फ_ट + फ फ_क्षक्षक्षक्ष − ४ फ_क्ष फ_क्षक्षक्ष + ३ (फ_क्षक्ष)^२ = ०

१, −४, ३ हे गुणक नीट बघा. त्यांची बेरीज शून्य आहे, म्हणून फ च्या जागी एकच घातांकी फलन घातलं की सगळं नाहीसं होतं. फ = १ + ई^थ, थ = क क्ष − क^३ ट घेतलं की वरची एकटी लाट परत मिळते. दोन लाटांसाठी

फ = १ + ई^थ१ + ई^थ२ + अ ई^(थ१+थ२), अ = ((क१ − क२)/(क१ + क२))^२

घातांकी मालिका इथेच तुटते, पुढचं काही लागत नाही. अ हाताने काढा. ई^(थ१+थ२) चे गुणक गोळा करताना फ फ_क्षट मधून येणारी दोन्ही बाजूंची पदं घ्यायची असतात. एक बाजू सुटली की अ चुकतो; तो ऋण किंवा एकाहून मोठा आला तर चूक लगेच ओळखू येते.

आता टक्कर वाचा. उंच लाट (२/क१) लॉग((क१+क२)/(क१−क२)) एवढी पुढे सरकते, बुटकी (२/क२) लॉग(तेच) एवढी मागे. लॉग नैसर्गिक. क१ = २, क२ = १ घेतलं तर सरकणं १.०९९ आणि २.१९७. लाटांचं ∫उ ४ आणि २ आहे. ४ × १.०९९ आणि २ × २.१९७ सारखेच येतात, म्हणजे गुरुत्वमध्य हलला नाही. न जुळल्यास सूत्रात २ चा घोळ आहे. आणखी एक गंमत: बरोब्बर टकरीच्या क्षणी मध्यावरची उंची दोन्ही उंचींची बेरीज नसते, वजाबाकी असते. ८ आणि २ असतील तर ६. तुमची सुरुवातीची ६ सेच^२ म्हणजे टकरीचा मधला क्षणच.

लॅक्स, थोडक्यात

गार्डनर, ग्रीन, क्रुस्कल आणि मिउरा यांनी १९६७ मध्ये उ ला श्रोडिंगर समीकरणातलं पोटेन्शियल मानलं: प_क्षक्ष + उ प = लॅम्डा प. उ केडीव्हीनुसार कितीही बदललं तरी लॅम्डा बदलत नाहीत. लॅक्स यांनी १९६८ मध्ये याचं कारण नेटकं मांडलं. ड म्हणजे क्ष-विकलन; ल = ड^२ + उ आणि ब = −४ड^३ − ६उड − ३उ_क्ष घेतलं की ल_ट = बल − लब हे बरोबर केडीव्ही होतं. ही आकडेमोड एकदा स्वतः करा. ड ची सगळी पदं कटून जायला हवीत. एखादं उरलं तर ड^३ उ उलगडताना ३ चा गुणक सुटलाय.

मग उ = ६ सेच^२ क्ष साठी प = सेच^२ क्ष आणि प = सेच क्ष टॅनएच क्ष घालून बघा. लॅम्डा ४ आणि १ येतात. क म्हणजे लॅम्डाच्या वर्गमुळाची दुप्पट, पुन्हा ४ आणि २. उलट बाजूचा, लॅम्डा आणि परावर्तनावरून उ बांधण्याचा गेलफँड-लेविटान-मार्चेंको भाग एम.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षापर्यंत थांबू शकतो.

फसायच्या जागा

एकटी लाट सापडली म्हणून समीकरण इंटिग्रेबल ठरत नाही. बीबीएम (बेंजामिन-बोना-माहोनी) समीकरणात उ_क्षक्षक्ष च्या जागी −उ_क्षक्षट असतं, त्यालाही सुबक एकटी लाट आहे, पण टकरीनंतर मागे बारीक तरंग राहतात आणि कायम राहणाऱ्या राशी तीनच. दोन लाटांचं अचूक उत्तर मिळालं तरी पुरत नाही: हिरोताच्या केडीव्हीसारख्या रूपात बसणाऱ्या कुठल्याही समीकरणाला ते मिळतंच. खरी परीक्षा तीन लाटांची. तिथे नवा स्थिरांक घ्यायला जागा नसते. दोन-दोन लाटांच्या अ वरूनच सगळं जुळावं लागतं.

पेनलव्हे चाचणीही शिकून घ्या; उत्तर जिथे अनंत होतं (फ = ०) तिथे ते फ च्या घातांच्या मालिकेत मांडून बघायचं. केडीव्हीसाठी उत्तर द्विघाती ध्रुवापासून सुरू होतं, पहिला गुणक −२ फ_क्ष^२, आणि रेझोनन्स, म्हणजे मालिकेत गुणक मोकळा राहतो ते क्रमांक, −१, ४, ६ वर येतात. ४ आणि ६ वर पदं आपोआप जुळतात का, तेवढंच तपासायचं. चाचणी पास म्हणजे सिद्धता नव्हे, शोध पुढे चालू ठेवायला कारण मिळालं इतकंच.

वाचन आणि अहवाल

अर्काइव्ह (arXiv) या पेपरांच्या संकेतस्थळावर या विषयाचा स्वतंत्र विभाग आहे, एक्झॅक्टली सॉल्व्हेबल अँड इंटिग्रेबल सिस्टिम्स नावाचा, आणि वाचायला फुकट. नवे पेपर पहिल्या वर्षी उघडू नका. जुने सर्व्हे लेख शोधा. बंगळुरूच्या आयसीटीएसची व्याख्यानं यूट्यूबवर आहेत, तीही हिरोता आणि लॅक्स हाताने झाल्यावर बघा, तोवर फळ्यावरचं अर्धं डोक्यावरून जातं. मार्गदर्शक या विषयातला नसला तरी अडत नाही. देवळालीत शाळा शिकवत असतानाच कापरेकरांनी ६१७४ हा स्थिरांक शोधला. गणिताचं बरंचसं काम कागदावर होतं, आणि इथे तर प्रत्येक उत्तराला दुसऱ्या मार्गाची तपासणी आहे.

अहवालात संकेत, क्षची लांबी, बिंदूंची संख्या, वेळेची पायरी आणि तिन्ही राशींचे सुरुवातीचे व शेवटचे आकडे एका तक्त्यात द्या. पायरी निम्मी करून तोच प्रोग्राम पुन्हा चालवा आणि तो रकानाही शेजारी लावा. चौथ्या क्रमाच्या पद्धतीत चूक साधारण सोळापट कमी व्हायला हवी. दोनपटच कमी झाली तर रुंगे-कुट्टाच्या चार टप्प्यांपैकी एकात इंटिग्रेटिंग फॅक्टरची वेळ चुकीची घातली गेली आहे. बहुतेकदा अर्ध्या पायरीच्या जागी पूर्ण पायरी असते.